अमृतसरला येण्यापूर्वी : आई-बाबांना पत्र

तीर्थरूप आई-बाबांस,
शिरसाष्टांग नमस्कार.

तुमचे अमृतसरला येणे ठरले तेव्हा बाबा फोनवर म्हणाले होते, की शीख पंथ म्हणजे आपल्या भागवत धर्माचीच उत्तरेकडे गेलेली फांदी. बाबा, तुमचे म्हणणे अर्धे खरे आहे. उरलेले अर्धे ध्यानात घेऊन तुम्ही दरबार साहिबचे, म्हणजे इथल्या सुवर्णमंदिराचे, दर्शन घ्यावे, अशी माझी इच्छा आहे. म्हणून जरा सविस्तर लिहिते.

आधी तुमच्या बाजूचे. गुरू अर्जनदेवांनी 1604 मध्ये सिद्ध केलेल्या आणि पुढे गुरू ग्रंथ साहिब म्हणून पूजनीय झालेल्या ग्रंथात गुरूंच्या वाणीबरोबरच कबीर, रविदास, शेख फरीद यांची वाणी आहे आणि आपल्या नामदेवांची 61 पदेही आहेत. ‘ईभै बीठल ऊभै बीठल, बीठल बिन संसार नहीं’ हे त्यांचे पद इथले रागी, म्हणजे कीर्तन करणारे गायक, गातात, तेव्हा कोणाही वारकऱ्याला परकेपणा वाटणार नाही. गुरदासपूर जिल्ह्यातले घुमान हे गाव नामदेवांचे म्हणूनच ओळखले जाते आणि 2015 चे मराठी साहित्य संमेलन तिथे भरले ते याच नात्याने.

मात्र या ग्रंथात विठ्ठल आहे म्हणून पंथ विठ्ठलाचा होत नाही. ग्रंथाच्या आरंभी असलेल्या मूलमंत्रात ईश्वर एक, निर्भय, निर्वैर, कालातीत आणि ‘अजूनी’, म्हणजे कोणत्याही योनीत जन्म न घेणारा, असा सांगितला आहे. त्यामुळे इथे अवतार नाहीत, मूर्ती नाही, आणि नामदेवांचा बीठलही विटेवरचा न मानता चराचरात भरलेला मानतात. गुरू नानकांचा जन्म 1469 मध्ये तलवंडीला झाला. ते गाव आज पाकिस्तानात नानकाना साहिब म्हणून ओळखले जाते. सुलतानपूरला कोठाराचा कारभार सांभाळणारा हा संसारी माणूस नदीत स्नानाला गेला आणि तिसऱ्या दिवशी परतला तो ‘ना को हिंदू, ना मुसलमान’ असे म्हणत, अशी जनमसाखीतली, म्हणजे नानकांच्या पारंपरिक चरित्रातली, कथा आहे. रबाब वाजवणाऱ्या मुसलमान मर्दानाला बरोबर घेऊन त्यांनी दूरदूर भ्रमण केले, पण अखेरची वर्षे रावीकाठी कर्तारपूरला शेती करण्यात घालवली. नाम जपावे, कष्टाचे खावे आणि वाटून खावे ही त्यांची शिकवण. संन्यासाला तीत स्थान नाही.

वेगळेपणाची खरी सुरुवात मला पुढच्या एका निर्णयात दिसते. 1539 मध्ये देह ठेवण्यापूर्वी नानकांनी आपल्या मुलांना बाजूला ठेवून लहणा नावाच्या शिष्याला गादी दिली. तेच गुरू अंगद. संतामागे अभंग उरतात, इथे अभंगांबरोबर एक चालती संस्था उरली. अंगदांनी गुरुमुखी लिपी रुजवली, त्यांच्यानंतरच्या गुरू अमरदासांनी पंगतीत बसल्याशिवाय भेट नाही असा दंडक घातला, त्यांच्या मागून आलेल्या गुरू रामदासांनी हे अमृतसर वसवले. आई, तुला आवडेल असे एक सांगते : अंगदांच्या पत्नी माता खीवी यांच्या लंगरातल्या, म्हणजे सर्वांसाठी खुल्या सामुदायिक पंगतीतल्या, तुपाळ खिरीचा उल्लेख प्रत्यक्ष ग्रंथात आहे. ग्रंथात स्वयंपाकघराला असा मान मिळालेला मी तरी दुसरीकडे पाहिलेला नाही.

पुढचा इतिहास रक्ताचा आहे. 1606 मध्ये लाहोरला गुरू अर्जनदेवांचा आणि 1675 मध्ये दिल्लीच्या चांदणी चौकात गुरू तेगबहादुरांचा मोगल सत्तेने बळी घेतला. 1699 च्या बैसाखीला आनंदपूरला गुरू गोविंदसिंगांनी जमलेल्या शिखांकडे मस्तक मागितले, तेव्हा पुढे आलेल्या पाच जणांत बिदरचे साहिबसिंगही होते, आणि ते न्हावी होते असे परंपरा सांगते. त्या दिवशी खालसा, म्हणजे दीक्षा घेतलेल्या शिखांचा समुदाय, स्थापन झाला. अमृत घेतलेला, म्हणजे ही दीक्षा घेतलेला, शीख केस, कंगवा, कडे, कच्छा आणि कृपाण ही पाच चिन्हे बाळगतो. देहधारी गुरूंची परंपरा 1708 मध्ये आपल्या नांदेडलाच संपली. तिथे गुरू गोविंदसिंगांनी यापुढे ग्रंथच गुरू असे ठरवले. तिथल्या हुजूर साहिब गुरुद्वाराचे दर्शन तुम्ही घेतलेच आहे.

म्हणून इथे ग्रंथाला राजाप्रमाणे चवरी ढाळतात, पहाटे पालखीतून आणून त्याचा प्रकाश करतात, म्हणजे तो विधिपूर्वक उघडतात, आणि रात्री त्याला समोरच्या अकाल तख्त या इमारतीत विश्रांतीसाठी नेतात. पहाटे उघडलेल्या पानावरचे वचन हा त्या दिवसाचा हुकूमनामा, म्हणजे गुरूची आज्ञा. आत जाताना डोके झाकलेले आणि पाय धुतलेले असावेत. बाबा, तुमची चंची घरीच ठेवा. तंबाखू इथे सर्वथा निषिद्ध आहे. प्रसादाचा शिरा ओंजळीत घ्यायचा आणि लंगरमध्ये पोळी दोन्ही हात पुढे करून स्वीकारायची. शेजारी कोण बसला आहे हे विचारायचे नाही.

आई, एक अडचण तुझी आहे. शीख पंथ उपासतापास मानत नाही, त्यामुळे लंगरमध्ये डाळ, पोळी, भाजी, खीर मिळेल, साबुदाणा मिळणार नाही. आणि पंगतीतून न जेवता उठणे मला तरी बरे वाटणार नाही. तेव्हा तिकिटे काढण्यापूर्वी पंचांग पाहून दरबार साहिबचा दिवस एकादशीला येणार नाही एवढे पाहा आणि तारीख कळवा.

तुमची लेक