अंतराळातली कानबाई पावसात उभी राहिली

मा. मंत्रिमहोदय,
सादर नमस्कार.

जानेवारीत आपण आमच्या तालुक्याच्या गावी आला होतात. आमच्या शाळेच्या मुलांनी त्यांच्या नाटकातला दहा मिनिटांचा प्रवेश आपल्यासमोर केला. आपण माईकवरून जाहीर केलंत की २३ ऑगस्टला, राष्ट्रीय अंतराळ दिनाला, हे नाटक सरकारी नाट्यगृहात होईल आणि भाडं पडणार नाही. मी ती तारीख तिथंच डायरीत लिहिली.

२३ ऑगस्टला सकाळी ४१ मुलं दोन पिकअपमधून नाट्यगृहावर पोचली. आत सत्काराचा कार्यक्रम चालू होता. आम्हाला एक फोन करायचंही कुणाला सुचलं नव्हतं. साडेतीन तास मुलं पायऱ्यांवर पावसात उभी राहिली. पुठ्ठ्याचं यान भिजून लगदा झालं. नाटकातली सगळी गाणी माझ्या आईनं शिकवली. ७८ वर्षांची ती बाई नातवंडांचं नाटक बघायला मुद्दाम आली होती. त्या दिवसापासून ती अंथरुणाला खिळली आहे. औषधाच्या चिठ्ठ्या माझ्या खिशात आहेत आणि नाटकासाठी पतपेढीतून काढलेल्या १८ हजारांचे हप्ते पुढच्या महिन्यापासून सुरू होतात.

दुसऱ्या दिवशी मी कार्यालयात गेलो. ही अकरावी खेप. आमच्या अर्जावर शेरा होता: 'काल्पनिक लोकांचे विधी. विज्ञानात बसत नाही, संस्कृतीतही बसत नाही.' पावसापेक्षा या शेऱ्यानं मला जास्त भिजवलं. म्हणून हे जाहीर पत्र.

साहेब, नाटकात काय आहे ते ऐका. पृथ्वी सोडून सात पिढ्या झालेली माणसं एका यानात राहतात. त्यांचे पूर्वज खानदेशातले. श्रावण आला की त्यांना कानबाई, म्हणजे खानदेशात पुजली जाणारी नारळाच्या रूपातली देवी, बसवायची असते. आपल्याकडे घरातल्या माणसांच्या नावानं मुठी मोजून रोटांचे, म्हणजे देवीच्या प्रसादाच्या पोळ्यांचे, गहू काढतात. यानात ही मूठच जनगणना झाली आहे: नाव घ्यायचं, मूठ टाकायची. वर्षभरात गेलेल्यांचीही एक मूठ वेगळी ठेवायची. रोट फक्त भाऊबंदांनी खायचे, हा आपला नियम. यानात भाऊबंद कोण? यावर तालमीत दोन दिवस भांडण झालं. शेवटी सातवीतली एक मुलगी म्हणाली, जे एकच हवा श्वासात घेतात ते भाऊबंद. वाक्य तसंच ठेवलं.

दिव्याचं असंच. आग प्राणवायू खाते, म्हणून यानात वर्षातून एकदाच, काचेच्या पेटीत दिवा लागतो. वजन नसलेल्या जागी गरम हवा वर चढत नाही, त्यामुळे ज्योत लांबट न होता गोल, निळसर होते. मुलांनी ती निळ्या जिलेटिन कागदाची केली होती. मग बोळवण. सोमवारी कानबाईला नदीवर न्यायचं, तर एक पोरगा आईला विचारतो, "माय, आठे नदी नही, मंग कानबाईले बोळावानं कोठे?" पाणी तिथं ओतता येत नाही, त्याचा गोळा होऊन तरंगतो. तो गोळा देवीच्या नारळाला लावतात आणि पुन्हा टाकीत घेतात, कारण थेंब वाया घालवणं हे त्यांच्यात पाप आहे. आजच्या अंतराळ स्थानकावरही घाम आणि लघवीसकट जवळजवळ ९८ टक्के पाणी परत वापरतात. मग हे विज्ञान नाही तर काय आहे?

आखाजीचा, म्हणजे अक्षय्य तृतीयेचा, प्रवेश तर माझ्या आईचा. यानातून दुसऱ्या वस्तीवर दिलेली लेक मुऱ्हाळ्याची, माहेरी न्यायला येणाऱ्याची, वाट बघते. सूर्यानंतरचा सर्वांत जवळचा तारा सव्वाचार प्रकाशवर्षं दूर. तिथून माहेरी निरोप धाडला तर उत्तर यायला साडेआठ वर्षं. ती झोक्यावर बसून तेवढी वर्षं मोजते. तालमीत इथं आई दरवेळी रडायची. याला संस्कृती म्हणायचं नाही, तर कशाला म्हणायचं?

चांद्रयान-३ च्या उड्डाणाआधी शास्त्रज्ञ यानाची प्रतिकृती घेऊन तिरुमलाला गेले, ते साऱ्या देशानं पाहिलं. १९७७ साली व्हॉयेजर यानांबरोबर ५५ भाषांतले नमस्कार गेले, त्यात मराठी आहे. माणूस जिथं जाईल तिथं आपले सण नेणारच. हे शेरा मारणाऱ्याला कळलं नाही, आणि त्याच्या शेऱ्यावर वरच्या पाच टेबलांनी न वाचता सह्या केल्या.

आता स्पष्टच लिहितो. २०२४ च्या फेब्रुवारीत अमळनेरला ९७ वं साहित्य संमेलन झालं, तेव्हा मंडपात अहिराणीचं, आमच्या खानदेशी बोलीचं, कौतुक झालं. त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये मराठी अभिजात झाली, आम्ही गावात पेढे वाटले. २०११ च्या जनगणनेत १८ लाखांवर लोकांनी खानदेशी ही आपली भाषा सांगितली. त्यांच्या मुलांना तीन तासांचं एक नाट्यगृह मिळत नाही. बहिणाबाईंचं नाव विद्यापीठाला दिलंत, पण तिच्याच मातीतल्या बोलीत चंद्रापलीकडचं बोलणारं पोर दारात आलं की दार बंद. आमच्याकडून कापूस हवा, केळी हवीत, मतं हवीत. आमची कल्पनाशक्ती तेवढी कुणाला नको आहे. आत समई पेटत होती, शाल-श्रीफळ दिलं जात होतं, आणि बाहेर आमची नारळाची कानबाई एका पोरीनं ओढणीखाली झाकून धरली होती.

माझी मागणी मोठी नाही. तो शेरा लेखी मागे घ्या. दिवाळीच्या आत नाट्यगृहाची तारीख द्या, सही-शिक्क्यानिशी. तोंडी नको. कानबाई झालेली मुलगी दहावीत आहे. मार्चमध्ये तिची परीक्षा, जूनमध्ये ती शिकायला जळगावला जाईल. यान आम्ही पुन्हा बांधायला घेतलंय. या वेळी पत्र्याचं.

आपला,
बोरी नदीकाठच्या एका गावातला शिक्षक