त्रिकोणाला त्रिकोण

चि. बाळ,
अनेक आशीर्वाद.

परवा फोनवर तू सहज बोलून गेलीस, "वारली सोपं असतं गं आई, त्रिकोणाला त्रिकोण जोडला की माणूस तयार." तुला ऑर्डर पुरी करायची घाई होती म्हणून मी काही बोलले नाही. पण दोन रात्री ते वाक्य मनातून गेलं नाही.

तू पाठवलेलं चित्र मोठं करून पाहिलं. रेघ स्वच्छ आहे, हात छान वळलाय तुझा. पण तारपा, म्हणजे ते दुधीचं फुंकवाद्य, वाजवणारा तू कोपऱ्यात उभा केलायस आणि नाचणाऱ्यांनी त्याच्याकडे पाठ फिरवलीय. असं होत नाही गं. त्या नाचात सगळी साखळी त्याच्याभोवती वळत जाते, आणि त्याला पाठ दाखवायची नाही ही रीत आहे. तो सूर बदलेल तसे पाय बदलतात. तो मध्ये नसेल तर ही माणसं कशावर नाचतायत?

वारली चित्रकार जिव्या सोमा म्हसे यांच्याबद्दल वाच. लहानपणी आई गेली आणि त्यांचं बोलणंच थांबलं. काही सांगायचं असलं की धुळीत रेघा ओढायचे. वारल्यांमध्ये लग्नाचा चौक, म्हणजे घराच्या भिंतीवरचं पूजेचं चित्र, लिहायचा मान सवाष्णींचा. (हो, 'लिहायचा'. चौक काढत नाहीत, लिहितात. मला हा शब्द फार आवडतो.) गेरूने सारवलेली भिंत, तांदळाचं पीठ, बांबूची काडी आणि मधोमध पालघट देवी. बायकांचं हे काम म्हसे यांनी १९७०च्या दशकात आपलं मानलं आणि लग्न असो-नसो, रोज चित्रं करू लागले. २०११मध्ये पद्मश्री मिळाली, ते असू दे. तू त्यांचं मासे धरायच्या जाळ्याचं चित्र बघ. बारीक रेघांची एवढी दाटी, की पाणी हलल्यासारखं वाटतं.

२००३मध्ये ड्यूसेलडॉर्फला रिचर्ड लाँग या इंग्रज कलावंताबरोबर त्यांचं प्रदर्शन झालं. लाँग मैलोन्मैल चालतो, नदीचा चिखल हाताने भिंतीवर लावतो. दोघांचा मुलूख वेगळा, पण जमीन दोघांनी पायांनी ओळखलेली.

वारली करू नकोस असं मी म्हणत नाही. पण सातवीत तू विहिरीवरची बाभूळ काढली होतीस, आठवतं? तीन दुपारी काठावर बसून. त्यात सुगरणीचं एक घरटं अर्धवट सोडलेलं आहे. मी म्हटलं, पुरं कर की. तर रागावलीस, "सुगरणीनेच सोडलंय, मी कसं करू?" तो कागद अजून माझ्या कपाटात आहे.

चित्र द्यायच्या आधी तारपावाल्याला मध्ये घे. उशीर झाला तर होऊ दे.

तुझी,
आई