धोतराच्या लुगड्याची गोष्ट सांगणाऱ्या आजींना

आजी, जय भीम.

दसऱ्याला दीक्षाभूमीवर आम्ही माहितीपटासाठी तुम्हाला पहिल्यांदा गाठलं. पुस्तकांच्या दुकानांची रांग, चारी बाजूंनी भीमगीतांचे भोंगे; कॉलर माइकमध्ये तुमचं एक वाक्य धड येईना. तुम्हीच म्हणालात, "रात्री घरी ये ना बापा, इथं कायले घसा फोडतं?"

घरी पंखा बंद केलात. फ्रिजची घरघर येते म्हटल्यावर तोही बंद. गल्लीतल्या पोट्ट्यांना दम दिलात. ऑक्टोबरच्या उकाड्यात दोन तास घाम पुसत बोललात. आम्ही मात्र फ्रिज पुन्हा सुरू न करताच निघालो. दूध नासल्याचं तुमच्या नातवाकडून कळलं. माफ करा.

खरे आभार वेगळ्याच गोष्टीचे. १४ ऑक्टोबर १९५६ला बाबासाहेबांनी महास्थवीर चंद्रमणींकडून दीक्षा घेतली, मग लाखोंना बावीस प्रतिज्ञा दिल्या, एवढं आम्ही वाचून आलो होतो. पांढऱ्या कपड्यांच्या त्या गर्दीवर मी एक भारदस्त निवेदनही लिहून ठेवलं होतं: शांतीचा रंग वगैरे. तुम्ही सांगितलंत, "मायजवळ पांढरं लुगडं होतं कुठं? बाचं धोतर नेसून आली माय." उमरेडकडून पायी. धोतर लांबीला कमी पडलं म्हणून ती वाटभर पदर ओढत होती, आणि आठ वर्षांच्या तुम्हाला त्याचंच हसू येत होतं.

ते निवेदन मी त्याच रात्री खोडलं.

"धर्म बदलला तेव्हा काय वाटलं?" हा माझा प्रश्न आता ऐकवत नाही. (आम्हा माहितीपटवाल्यांना ही खोड आहे, समोरच्याने आमच्या शेवटाला शोभेल असं बोलावं.) तुम्ही म्हणालात, "पाय दुखत होते." मग बराच वेळ गप्प बसलात. नंतर सांगितलंत की परत गेल्यावर मायनं देवळीतले देव काढले; देवळी काही दिवस रिकामीच राहिली, आणि येता-जाता तिचा हात सवयीनं तिकडे जायचा. हे कुठल्या पुस्तकात शोधलं असतं मी?

संकलनात ती शांतता कापा, असा सल्ला दोघांनी दिला. कापली नाही. पूर्ण सव्वा मिनिट आहे.

येत्या रविवारी लॅपटॉप घेऊन येतो. कुणालाही दाखवण्याआधी तुम्ही बघा. मायबद्दलचं काही खटकलं तर काढू. दुधाची पिशवी आणतोच आहे. फ्रिज चालू ठेवा.

तुमचा,
कॅमेऱ्यामागचा पोरगा