जेवलास का?

सातारा
रविवार, रात्री

प्रिय सुहास,
सप्रेम नमस्कार.

बार कौन्सिलच्या, वकिलांविरुद्धच्या तक्रारी ऐकणाऱ्या शिस्तपालन समितीवर तुला स्वीकृत सदस्य म्हणून घेतल्याचं बाररूममध्ये कळलं. पेढे वसूल करीनच. पण पहिलंच प्रकरण आपल्या सरांच्या मुलाविरुद्धचं, आणि फोनवर तू म्हणालास, “मी काय बाजू घेणार आहे का?” तेव्हा नीट बोलता आलं नाही, म्हणून लिहितोय.

नाहीच घेणार तू बाजू. पण हे मला ठाऊक आहे, त्या तक्रारदार बाईंना नाही.

आमच्या कमलमावशीची चौकशी आठवते? वकिलाने जमिनीचे मूळ दस्त अडकवून ठेवले होते. मी सोबत गेलो होतो. पुकारा व्हायच्या आधी समितीतले एक सदस्य व्हरांड्यातून आले, त्या वकिलाच्या खांद्यावर हात ठेवून म्हणाले, “काय रे, जेवलास का?” एवढंच. मावशीने पिशवीतली फाइल बाहेर काढलीच नाही. “चल, चारची एसटी मिळेल,” म्हणाली. तिच्यापुरता निकाल व्हरांड्यातच लागला होता.

१९६१ च्या अ‍ॅडव्होकेट्स अ‍ॅक्टची रचनाच तशी आहे. समितीत तिघे, तिघेही वकील, त्यातले दोघे वकिलांनीच निवडून दिलेल्या कौन्सिलचे. म्हणजे ज्याच्यावर आरोप तोच मतदार! अपीलही आधी बार कौन्सिल ऑफ इंडियाकडे, मग सुप्रीम कोर्टात. मावशीसारखी माणसं तिथवर जातात होय?

वकिलाला बळी द्या असंही मी म्हणत नाही. माझ्यावर विरुद्ध बाजूच्या पक्षकाराने रागापोटी तक्रार ठोकली होती, तेव्हा वकिलीच्या सनदेच्या काळजीने मी किती रात्री जागलो ते तू पाहिलंस. २०२५ मध्ये अशाच एका पोकळ तक्रारीवर चौकशी लावली म्हणून सुप्रीम कोर्टाने आपल्या महाराष्ट्र-गोवा कौन्सिललाच ५०,००० रुपये भरायला लावले, तेव्हा मी घरी शिरा करायला सांगितला!

पण तुझ्या प्रकरणात पहिल्याच तारखेला सरांशी असलेलं नातं लिहून दे आणि बाजूला हो. तोंडी नको, रोजनाम्यात येऊ दे. पक्षपात सिद्धच व्हावा लागतो असं नाही, वाजवी शंका पुरते, हे आपणच कोर्टापुढे किती वेळा वाचून दाखवलंय.

सर रागावतील. त्यांना सांगायला मीही येतो तुझ्याबरोबर. पुढचा रविवार मोकळा आहे.

वहिनींना नमस्कार.

तुझा,
अरुण