सॉफ्टवेअरआधी साचा शिकवा

संपादक महोदय,

चित्रपटांसाठी प्राणी, राक्षस घडवण्याच्या करिअरवरील रविवारच्या पुरवणीतील लेख वाचला. ‘आता फक्त सॉफ्टवेअर शिका’ हा त्यातील सल्ला मुलांची दिशाभूल करणारा आहे. ‘जुरासिक पार्क’मध्ये (१९९३) डायनासोर पडद्यावर दिसतात सुमारे १५ मिनिटे, त्यांतील संगणकाची जेमतेम ६. बाकी काम यांत्रिक पुतळ्यांचे आणि वेशभूषेतल्या माणसांचे. पावसाच्या दृश्यात टी-रेक्सच्या फोमच्या कातडीत पाणी मुरले, वजन वाढले आणि अख्खे धूड थरथरू लागले. सतत पाणी टिपत चित्रीकरण करावे लागले.

या कामात माणूस अडतो तो साहित्यापाशी. गंधक असलेल्या मातीच्या मूर्तीवर साच्यासाठी प्लॅटिनम सिलिकॉन (दोन भाग कालवल्यावर घट्ट होणारे रबर) ओतले, तर मातीला टेकलेला थर चिकटच राहतो आणि साचा वाया जातो. लेटेक्सच्या हातमोज्यांनीही तेच होते. म्हणून गंधकविरहित माती, नायट्राइलचे हातमोजे घ्यावेत आणि आधी चमचाभर ओतून पाहावे. शिवाय नागपूरचा मे महिना! २५ अंशांना अर्धा तास हाताळता येणारे मिश्रण ३५ अंशांना साधारण निम्म्या वेळेत घट्ट होते. दोन्ही भाग आधी गार करावेत, थोडेथोडेच कालवावे.

साचा कुठे जोडायचा, कुठे अडकेल, हे चितारओळीतले मूर्तिकार जाणतात. बांबूचा सांगाडा कसा तोलायचा, हे मारबतीच्या मिरवणुकीतले बडगे (मोठे पुतळे) बांधणाऱ्यांना विचारावे. लेखात त्यांचा साधा उल्लेखही नसावा, याचा खेद वाटतो. शहरातील कला महाविद्यालयांनी गणेशोत्सवाआधीचा एक महिना विद्यार्थ्यांना त्यांच्या हाताखाली पाठवावे.

– एक साचेकार, महाल, नागपूर