आप्पा, आधी डोळे, मग लायसन्स

निशिकासाई, टोकियो

तीर्थरूप आप्पांस,
शिरसाष्टांग नमस्कार.

तुमच्या लायसन्सची मुदत संपत आल्याचं आईकडून कळलं. स्टँडसमोरचा एजंट म्हणे "काका, मेडिकलचा शिक्का मी मारून आणतो, तुम्ही फक्त सही करा" म्हणाला. फोनवर हा विषय काढला की तुम्ही इथल्या थंडीची चौकशी सुरू करता, म्हणून पत्र लिहिते आहे.

माझंही लायसन्स नुकतंच नवं झालं. इथे वाढदिवसाच्या आधीचा एक महिना आणि नंतरचा एक, एवढ्यातच ते करून घ्यायचं असतं. घरी सूचनेचं पोस्टकार्ड येतं. सगळा कारभार पोलीस खात्याकडे. आमच्यापासून दोन स्टेशनं पुढे तोयोचोला मोठं केंद्र आहे, तिथे आधी वेळ घेऊन गेले. मी भारतीय लायसन्स बदलून घेतलं तेव्हा लेखी परीक्षेत दहाच प्रश्न होते. ऑक्टोबर २०२५ पासून पन्नास झालेत, त्यामुळे नवी आलेली आपली मुलं कुरकुरत असतात.

आत गेलं की आधी एक प्रश्नपत्रक. गेल्या पाच वर्षांत कधी शुद्ध हरपली का, डॉक्टरांनी गाडी चालवू नका असं सांगितलंय का, अशा प्रश्नांपुढे हो-नाहीची खूण करायची. खोटं लिहिलं तर एक वर्षापर्यंत कैद किंवा तीन लाख येनपर्यंत दंड. मग डोळे. यंत्रात डोकावलं की एका बाजूने तुटलेली वर्तुळं दिसतात. फट उजवीकडे, डावीकडे, वर की खाली, तेवढं सांगायचं. अक्षरंच नसल्यामुळे तक्ता पाठ करून जायची सोय नाही. (तुम्ही एकदा तसे गेला होतात हे आईनेच सांगितलंय, तिच्यावर चिडू नका.) दोन्ही डोळ्यांनी मिळून ०.७ (इथल्या मोजमापात चांगली नजर म्हणजे १.०) आणि एकेकट्याने निदान ०.३ दिसावं लागतं, चष्मा लावलेला चालतो.

पाच वर्षांत अपघात नाही, नियम मोडला नाही, म्हणून यंदा माझ्या लायसन्सवर सोनेरी पट्टा आला. नवशिक्यांचा हिरवा, बाकीच्यांचा निळा. सोनेरीवाल्यांना रस्ता-सुरक्षेचं व्याख्यान अर्धा तासच. नियम मोडणाऱ्यांना दोन तास बसवतात. पट्टा बघून तुमच्या खाकी शर्टावरचा विनाअपघात सेवेचा बिल्ला आठवला. कुंभार्ली घाटातून भर पावसात रातराणी एसटी नेणाऱ्या माणसाला गाडी चालवण्यातलं मी काय सांगणार? सांगायचंय ते डोळ्यांचं.

एप्रिल २०१९ मध्ये इथे इकेबुकुरो भागात ८७ वर्षांच्या एका गृहस्थांनी ब्रेकऐवजी अ‍ॅक्सिलरेटर दाबला. एक तरुण आई आणि तिची तीन वर्षांची मुलगी त्यात गेली. खटल्यात ते गाडीतच बिघाड होता म्हणत राहिले, पण न्यायालयाने पाच वर्षांची शिक्षा दिली. २०१९ या एका वर्षात देशभरात सुमारे सहा लाख लोकांनी आपणहून लायसन्स परत केलं. पंचाहत्तरी उलटली की इथे स्मरणशक्तीची चाचणीही असते. सोळा चित्रं दाखवतात, मधे आकडे खोडायला लावून लक्ष उडवतात, मग चित्रं आठवून लिहायला सांगतात. आमच्या मजल्यावरच्या आजींनी हे सगळं नको म्हणून लायसन्स देऊन टाकलं आणि आता बसने बाजारात जातात. त्यांचं बरं आहे, खाली उतरलं की बस उभी. आपल्याकडे दुपारची एसटी चुकली की तिन्हीसांजेपर्यंत फाट्यावर बसायचं. म्हणून गाडी सोडा असं मी म्हणतच नाही.

आपल्याकडे पंचावन्न ओलांडलेल्यांना दर पाच वर्षांनी नूतनीकरण, आणि चाळिशीनंतर डॉक्टरांचा फॉर्म १ए. तो फॉर्म एकदा नीट वाचा. भर उजेडात पंचवीस मीटरवरून गाडीची नंबरप्लेट वाचता येते का, लाल-हिरवा ओळखता येतो का, रातांधळेपणा आहे का, असं त्यात विचारलंय. एजंटला यातलं तुमच्याबद्दल काय ठाऊक? मला थोडं ठाऊक आहे. दिवाळीत कराडहून रात्री येताना समोरच्या ट्रकच्या दिव्यांनी तुमचे डोळे दिपले, तुम्ही गाडी कडेला घेतलीत आणि पाय मोकळे करायचेत म्हणालात. उतरला मात्र नाहीत.

डॉक्टरांनी मोतीबिंदू सांगून ठेवलाय. तो पिकू दे मग बघू, हे जुन्या काळचं झालं. आता पिकायची वाट बघत नाहीत. वेळेचं म्हणाल तर मुदत संपल्यापासून वर्षाच्या आत अर्ज केला की पुन्हा गाडी चालवून दाखवायची चाचणी द्यावी लागत नाही. फक्त मुदत संपल्यावर गाडी चालवायची नाही. पूर्वीची तीस दिवसांची सवलत २०१९ च्या दुरुस्तीत गेली. म्हणजे आधी ऑपरेशन, मग नवा चष्मा, मग फॉर्म, एवढं सगळं आरामात बसतं. तोवर गाडी दादा चालवेल. तो क्लच घासतो हे मान्य, तरी शेजारी बसून त्याला बोलू नका.

सारथी पोर्टलवरचा अर्ज मी इथून भरते. तुमच्या मोबाइलवर ओटीपी येईल, तो मलाच सांगा, एजंटला नको. ऑपरेशनची तारीख ठरली की लगेच कळवा, म्हणजे मला रजा टाकता येईल.

आईला नमस्कार, पोरांना गोड पापा.

तुमची,
सुमी

ता. क. आई, डोळ्यांच्या डॉक्टरांकडे जाताना आप्पांच्या शुगरच्या गोळ्यांची चिठ्ठी बरोबर घे. ते स्वतःहून सांगणार नाहीत.