नुकसान वावरात, मोजणी मंडळात: कृषिमंत्र्यांना खुले पत्र

मा. कृषिमंत्री, महाराष्ट्र राज्य, यांस
स. न. वि. वि.

मी परंडा तालुक्यातला, सीनाकाठचा शेतकरी. पाच एकर रान, निम्मं नदीच्या अंगाला. परवा कळलं की पीक विम्याची भरपाई ज्या सरासरी उत्पन्नावर ठरते, ते मोजायचा सोयाबीनचा कापणी प्रयोग आमच्या महसूल मंडळात वरच्या माळावर झाला. तिथं पीक उभं होतं. माझं सप्टेंबरातच सीनेत गेलं.

2025 चं सालच उलटं आलं. मे महिन्यात, रोहिणीतच पाऊस कोसळला आणि नांगरट राहिली. उत्तरा नक्षत्रात शेंगा भरल्या आणि नदी वावरात शिरली. हस्तात वापसा झाला, म्हणजे रान पेरणीजोगं सुकलं, की मालदांडी ज्वारी पेरायची ही आमची रीत. त्या साली दिवाळी गेली तरी पाय घोट्यापर्यंत रुतत होता. ज्वारी नाही म्हणून कडबा नाही, कडबा नाही म्हणून पौषात गाय विकली. बायको दोन दिवस गोठ्याकडं फिरकली नाही.

पूर्वी 72 तासांत कळवलं की एकट्याच्या वावराचाही पंचनामा व्हायचा. ती सोय 2025 च्या खरिपापासून तुम्ही काढली. बोगस अर्ज सापडले म्हणून एक रुपयाचा विमाही बंद केला. बोगस अर्ज मी भरला होता का? मी दोन टक्के हप्ता रांगेत उभा राहून भरलाय. आता माळावरचं पीक आणि माझा चिखल एकाच सरासरीत घालणार, मग माझं नुकसान निघणार कुठून?

पुरानंतर 31,628 कोटींचं मदतीचं पॅकेज जाहीर केलंत, दिवाळीच्या आत पैसे म्हणालात. कोरडवाहूचे हेक्टरी 8,500 मला डिसेंबरात मिळाले. रब्बीसाठीचे हेक्टरी 10,000 अजून ई-केवायसीत अडकलेत. सोयाबीनचा 2025-26 चा हमीभाव क्विंटलला 5,328, पण ओलावा 12 टक्क्यांच्या वर नको. पुरातून निघालेला दाणा कोरडा कसा असेल? चार पोती हाती लागली, ती काळी पडली म्हणून 2,600 नं घातली. आम्ही पेरलं ते ई-पीक पाहणीच्या ॲपवर दिसलं पाहिजे, बुडालं ते सरासरीत बसलं पाहिजे, विकलं ते ओलाव्याच्या यंत्रात पास झालं पाहिजे. बांधावर येऊन बघायचं काम कुणाचंच उरलं नाही. आम्ही मत देतो तेव्हा मात्र आमच्या दारापर्यंत गाड्या येतात.

मृगाच्या आधी वैयक्तिक पंचनाम्याची सोय विम्यात परत घाला. तसा शासन निर्णय निघाला तरच यंदा मी नदीकडच्या रानाचा हप्ता भरीन.

आपला,
सीनाकाठचा एक शेतकरी
ता. परंडा, जि. धाराशिव